देवडी, दफ्तर आणि व्हिसा : हैदराबादी मुस्लिम विवाहसंस्थेची पाऊणशे वर्षे

मुस्लिम विवाहाविषयी मराठीत जे लेखन झाले आहे, त्यातील बराचसा भाग कायद्याभोवती फिरतो. तलाक, पोटगी, बहुपत्नीत्व, १९८५ चा शाहबानो निकाल, २०१७ चा सर्वोच्च न्यायालयाचा तीन तलाकविषयीचा निकाल आणि २०१९ चा कायदा हे त्याचे नेहमीचे विषय होत. हे विषय महत्त्वाचे आहेत यात शंका नाही. परंतु त्यांतून एक गैरसमजही दृढ होतो, तो असा की मुस्लिम कुटुंब हे धर्मशास्त्राच्या चौकटीत गोठलेले असून बाहेरून कायद्याचा धक्का बसल्याशिवाय ते हलत नाही. इतिहासाकडे पाहिले तर चित्र निराळे दिसते. निकाहचा विधी शतकानुशतके तोच राहिला आहे. इजाब, कबूल, दोन साक्षीदार आणि मेहर यांत फरक पडलेला नाही. पण सोयरीक कोण जुळवतो, कोणाला किती रक्कम मिळते, नवरा-बायको एका छताखाली किती दिवस राहतात आणि घराचा कारभार कोणाच्या हाती असतो, या गोष्टी उपजीविकेच्या साधनांबरोबर बदलत गेल्या आहेत. प्रस्तुत लेखात हैदराबाद शहराच्या उदाहरणावरून हा बदल तपासला आहे. मराठवाड्यातील पाच जिल्हे १९५६ पर्यंत याच संस्थानाचा आणि त्यानंतर हैदराबाद राज्याचा भाग होते. म्हणून मराठी वाचकाला हा इतिहास परका नाही.

देवडी आणि दफ्तर

संस्थानी काळात हैदराबादच्या मुस्लिम समाजात उपजीविकेचे तीन ठळक थर होते. सर्वांत वर जागीरदार व पायगाह घराणी. संस्थानाच्या सुमारे एक तृतीयांश भूभागाचा महसूल अशा जागिरींकडे जात असे. त्याखाली सरकारी दफ्तरांतील, पोलिसांतील व सैन्यातील नोकरवर्ग. १८८४ च्या सुमारास फारसीच्या जागी उर्दू ही राज्यकारभाराची भाषा झाली आणि १९१८ मध्ये उस्मानिया विद्यापीठाने उच्च शिक्षणही उर्दूतून सुरू केले. त्यामुळे उर्दू जाणणाऱ्या मध्यमवर्गाला नोकरीची वाट सोपी झाली. तिसरा थर कारागीर, टांगेवाले, शिपाई आणि देवडीवर पोसल्या जाणाऱ्या नोकर-चाकरांचा होता.

अमीर-उमरावांच्या प्रशस्त हवेलीला हैदराबादेत ‘देवडी’ म्हणत. देवडी म्हणजे केवळ घर नव्हे. ती एक अर्थव्यवस्था होती. मर्दाना आणि जनाना अशा दोन भागांत वाटलेल्या या वास्तूत मुख्य कुटुंबाबरोबर विधवा आत्या, अनाथ भाचे, दूरचे नातलग, दाया, मामा (स्वयंपाकिणी) आणि त्यांची मुले राहत. जागिरीचे उत्पन्न अखंड राहावे म्हणून चुलत-मामे भावंडांत सोयरीक करण्याकडे कल असे. घराबाहेरच्या सोयरिकी ‘मश्शाता’ म्हणजे लग्न जुळवणारी बाई जुळवी. तिला दोन्ही घरांच्या जनान्यात मुक्त प्रवेश असे.

या व्यवस्थेत सुरक्षितता होती, तसे शोषणही होते. वाजिदा तबस्सुम या लेखिकेचा जन्म अमरावतीचा. पुढे त्या हैदराबादेत वाढल्या आणि उस्मानियात शिकल्या. त्यांच्या ‘उतरन’ या गाजलेल्या कथेत मालकिणीच्या मुलीचे जुने कपडे वापरत वाढलेल्या दाईच्या मुलीचा संताप आहे. जीलानी बानो यांच्या ‘ऐवान-ए-गझल’ (१९७६) या कादंबरीत अशाच एका घराण्याची पडझड आणि त्यातील स्त्रियांची घुसमट चित्रित झाली आहे. देवडीच्या आठवणींवर हळहळणाऱ्या साहित्याबरोबर ही दुसरी बाजूही इतिहासाच्या अभ्यासकाने वाचली पाहिजे.

बदलाची चाहूल मात्र संस्थानी काळातच लागली होती. १८९० मध्ये नामपल्ली येथे मुलींची शाळा निघाली, १९०७ मध्ये महबूबिया शाळा सुरू झाली आणि १९२४ मध्ये स्त्रियांसाठी स्वतंत्र महाविद्यालय स्थापन झाले. नोकरदार वर्गाला शिकलेली सून हवी होती, कारण तिच्या नवऱ्याची बदली आज गुलबर्ग्याला तर उद्या औरंगाबादला होत असे आणि तिथे मोठे कुटुंब सोबतीला नसे. लहान कुटुंबाची कल्पना या समाजात पश्चिमेकडून आलेल्या पुस्तकांपेक्षाही बदलीच्या हुकुमाने अधिक पसरली असे म्हणता येईल.

१९४८ : आधार तुटला

१३ ते १७ सप्टेंबर १९४८ या पाच दिवसांत संस्थान भारतीय संघराज्यात सामील झाले. त्याआधी रझाकारांनी केलेले अत्याचार आणि त्यानंतर मुस्लिम वस्त्यांवर झालेले हल्ले, या दोन्ही गोष्टी इतिहासाच्या नोंदीत आहेत. पंडित सुंदरलाल समितीचा अहवाल २०१३ च्या सुमारास अभ्यासकांना उपलब्ध झाला. त्यात मृतांचा अंदाज २७ ते ४० हजार असा दिला असून उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड हे सर्वाधिक होरपळलेले जिल्हे म्हणून नोंदले आहेत. या आकड्यांची चर्चा बहुधा राजकीय अंगाने होते. कौटुंबिक अंगाने तिचा अर्थ असा की हजारो घरांतील कर्ता पुरुष एकाएकी नाहीसा झाला. विधवा, त्यांची लहान मुले आणि लग्नाच्या वयाच्या मुली यांचा भार वाचलेल्या नातेवाइकांवर पडला. खेड्यांतून हैदराबाद शहराकडे येणाऱ्यांचा ओघ वाढला.

ऑगस्ट १९४९ च्या नियमनाने जागिरी संपुष्टात आल्या. जागीरदारांना ठरावीक वर्षे भरपाईचे हप्ते मिळाले, पण देवडीतील माणसांची फौज पोसण्याइतके ते नव्हते. संस्थानी सैन्य विसर्जित झाले. निजामाच्या पदरी असलेल्या अरब पथकांचे वंशज, ज्यांना मराठवाड्यात ‘चाऊस’ म्हणतात, ते बारकस भागात आणि परभणी-नांदेडकडे लहानसहान व्यवसायांना लागले. दफ्तराची भाषाही बदलली. १९५६ च्या भाषावार पुनर्रचनेत संस्थानाचे तीन तुकडे होऊन ते आंध्र प्रदेश, म्हैसूर आणि द्विभाषिक मुंबई राज्यात गेले. ज्या नोकरदार कुटुंबांचे आप्त हैदराबाद, गुलबर्गा आणि औरंगाबाद अशा तिन्ही ठिकाणी होते, त्यांच्या नातवंडांना आता तेलुगू, कन्नड आणि मराठी अशा तीन वेगवेगळ्या भाषांतून नोकरी शोधावी लागली. एकाच आजोबांची नातवंडे तीन राज्यांची रहिवासी झाली.

याचा परिणाम विवाहावर दोन प्रकारे झाला. पहिला, देवड्या विकल्या गेल्या किंवा वाटण्या होऊन त्यांत भाडेकरू आले. एकत्र कुटुंब राहिले, पण त्याचा खर्च उचलणारे सामाईक उत्पन्न राहिले नाही. दुसरा, ‘खानदान’ ही सोयरिकीची जुनी कसोटी क्षीण झाली आणि तिची जागा ‘मुलगा काय करतो’ या प्रश्नाने घेतली. जुन्या शहरातील गरीब वस्त्यांत विडी वळणे, अगरबत्ती, जरदोजी आणि लाखेच्या बांगड्या ही घरबसल्या कामे स्त्रियांच्या व मुलांच्या वाट्याला आली. पडद्याला धक्का लागत नाही म्हणून हे काम समाजाने स्वीकारले. त्याच कारणाने ते कामगारांच्या गणतीत आले नाही आणि त्याची मजुरी ठरवताना दलालाचा शब्द अखेरचा राहिला.

आखाताची वाट

१९७३ मध्ये तेलाचे भाव भडकले आणि आखाती देशांत बांधकामाची लाट आली. हैदराबादच्या मुस्लिम तरुणांसमोर पाव शतकानंतर प्रथमच एक मोठी वाट उघडली. बारकसच्या अरबवंशीय कुटुंबांना भाषेचा व नात्याचा दुवा होता. इतरांनी दलालांमार्फत व्हिसा मिळवला. चालक, मेकॅनिक, वीजतंत्री, कारकून, लेखापाल, पुढे अभियंते आणि डॉक्टर असे सर्व थर जिद्दा, रियाध, दम्माम, कुवेत आणि दुबईकडे निघाले. १९८३ च्या स्थलांतर कायद्याने या प्रवाहाला सरकारी नोंदणीची चौकट दिली. समाजातील शिक्षणसंस्थांनीही या मागणीची दखल घेतली. १९८० मध्ये सुरू झालेले मुफ्फखम जाह अभियांत्रिकी महाविद्यालय हे त्याच काळातील अपत्य होय.

ड्राफ्टने येणाऱ्या पैशाने मेहदीपटणम, टोलीचौकी या भागांत घरे आणि इमारती उभ्या राहिल्या. जुन्या शहरातील एका अंगणाभोवती राहणारी भावंडे वेगवेगळ्या फ्लॅटमध्ये गेली. लग्नाचे वेळापत्रक तर पूर्णपणे रजेच्या स्वाधीन झाले. मुलगा वर्षा-दोन वर्षांनी महिन्याभराच्या रजेवर येणार. त्या तीस दिवसांत मुलगी पाहणे, सांचक, मेहंदी, निकाह, वलीमा असे सारे उरकायचे. लग्नानंतरच्या पाच शुक्रवारी ‘जुमागी’ची जेवणे देण्याची हैदराबादी रीत होती. अनेक घरांत तिसऱ्या-चौथ्या जुमागीच्या आत नवरदेवाचे विमान सुटू लागले.

ज्याला रजाच मिळत नाही त्याच्यासाठी टेलिफोनवरील निकाहचा प्रश्न पुढे आला. हनफी फिक्हनुसार इजाब आणि कबूल एकाच मजलिसमध्ये, साक्षीदारांच्या समक्ष व्हावे लागतात. दूरध्वनीवर मजलिस एक राहत नाही. त्यावर उलेमांनी वकालतीचा जुनाच मार्ग सुचवला: परदेशातील वराने फोनवरून किंवा लेखी स्वरूपात येथील एखाद्या व्यक्तीस वकील नेमावे आणि त्या वकिलाने मजलिसमध्ये त्याच्या वतीने कबूल करावे. कामाच्या बदललेल्या स्वरूपाला फिक्हने आपल्याच साधनांतून दिलेले हे उत्तर आहे. धर्मशास्त्र गोठलेले आहे या समजुतीला उत्तर म्हणून हे एक उदाहरण वर्गात सांगण्यासारखे आहे.

मेहर आणि जोड्याची रक्कम

आर्थिक स्थित्यंतराचा सर्वांत स्पष्ट पुरावा मेहरच्या इतिहासात सापडतो. मेहर हा वराने वधूला द्यायचा, केवळ तिच्या मालकीचा हक्क होय. त्याचे दोन प्रकार आहेत: तत्काळ देय ‘मुअज्जल’ आणि मागाहून देय ‘मुवज्जल’. अरबी लिपीत या दोन शब्दांत फक्त ऐन आणि हमजा यांचा भेद आहे. कानाला तो जेमतेम कळतो, पण स्त्रीच्या आयुष्यात तो फार मोठा ठरतो. जागीरदारी काळात मुवज्जल मेहर मोठा ठेवण्याकडे कल होता. तलाक देऊ पाहणाऱ्या पतीला तो लगाम होता. मात्र रक्कम ज्या चलनात लिहिली त्याची किंमत पुढे घसरत गेली. संस्थानाचा ‘हाली सिक्का’ सहा ब्रिटिश रुपयांना सात या दराने चाले. १९५० च्या दशकात तो व्यवहारातून गेला. हाली सिक्क्यात लिहिलेला मेहर दोन-तीन दशकांनी विधवेच्या हाती आला, तेव्हा महागाईने त्यातला बराच अर्थ काढून घेतलेला असे.

हैदराबादच्या निकाहनाम्यांत रुपयांच्या आकड्याबरोबर ‘दीनार-ए-सुर्ख’ म्हणजे सोन्याचे दीनार लिहिण्याची प्रथा आहे. दीनार दोन असोत वा अकरा, महागाईत टिकणारा भाग तोच. जुन्या पिढीचे हे आर्थिक शहाणपण अनेक घरांत आज केवळ उपचार म्हणून उरले आहे.

याउलट वधूकडून वराकडे जाणाऱ्या रकमेचा इतिहास चढत्या आलेखाचा आहे. हैदराबादेत तिला ‘जोड्याची रक्कम’ म्हणतात. मूळ अर्थ नवरदेवाच्या पोशाखासाठी द्यायचे पैसे असा. पोशाखाचे नाव कायम राहिले आणि रक्कम मात्र स्कूटर, मोटार, व्हिसाचा खर्च इथपर्यंत पोचली. याचे कारण समजण्यास अवघड नाही. आखातातील पगार आणि हैदराबादेतील पगार यांत मोठी दरी होती, त्यामुळे परदेशस्थ वराला चढा भाव आला. मुलीच्या बापाने दिलेल्या पैशातून व्हिसा घ्यायचा आणि त्या व्हिसावर कमावून पुढे आपल्या बहिणीच्या लग्नात तीच रक्कम दुसऱ्याला द्यायची, असे चक्र सुरू झाले. १९६१ च्या हुंडा प्रतिबंधक कायद्याच्या व्याख्येतून शरियतप्रमाणे दिला जाणारा मेहर वगळलेला आहे, जोड्याची रक्कम वगळलेली नाही. म्हणजे धर्म आणि देशाचा कायदा दोन्ही एका बाजूला असताना व्यवहार दुसऱ्या बाजूला गेला. पैशाचा प्रवाह कुराणाने वराकडून वधूकडे ठरवून दिला होता. श्रमाच्या बाजारपेठेने तो उलटा फिरवला.

गैरहजर पती

आखाती देशांत पत्नीला सोबत नेण्याची परवानगी पतीचा हुद्दा आणि पगार यांवर अवलंबून असते. त्यामुळे डॉक्टर-अभियंत्यांची कुटुंबे तिकडे गेली. चालक आणि मजुरांच्या बायका येथेच राहिल्या. लग्नाच्या वीस वर्षांत सगळे मिळून दोन वर्षेही एकत्र न राहिलेली जोडपी या रजेच्या हिशोबानेच निर्माण झाली. सुरुवातीला पत्रे आणि आवाज भरून पाठवलेल्या कॅसेट, मग एसटीडी बूथ, मग मोबाइल असा संवादाचा प्रवास झाला.

अशा घरात स्त्रीचे स्थान दोन टोकांना गेले. ड्राफ्ट सासऱ्याच्या नावे येत असेल तर ती सासरची आश्रित राहिली. तोच तिच्या नावे येत असेल तर बँक, शाळा, घराचे बांधकाम, दवाखाना हे सारे तिने पाहिले आणि तिच्या निर्णयाला वजन आले. केरळमधील अशाच स्त्रियांचा अभ्यास लीला गुलाटी यांनी १९९३ च्या आपल्या ग्रंथात केला आहे. त्यातही एकाकीपणा आणि कर्तेपण या दोन्ही बाजू पुढे आल्या आहेत.

पती पैसे पाठवणे थांबवतो किंवा बेपत्ता होतो तेव्हा काय, या प्रश्नाचे उत्तर १९३९ च्या मुस्लिम विवाहविच्छेद कायद्यात आहे. चार वर्षे पतीचा ठावठिकाणा नसणे, दोन वर्षे निर्वाह न करणे, तीन वर्षे योग्य कारणाशिवाय वैवाहिक कर्तव्य न पाळणे, या कारणांवर पत्नीला न्यायालयातून विवाह रद्द करून घेता येतो. हा कायदा उलेमांच्या पुढाकाराने, मालिकी मताचा आधार घेऊन झाला होता, ही गोष्ट आपल्याच समाजात पुरेशी माहीत नाही. त्याहून जुना दाखला हजरत उमर यांचा आहे. मोहिमेवर गेलेल्या शिपायाच्या पत्नीची विरहव्यथा कानी आल्यावर त्यांनी सैनिकांच्या गैरहजेरीस मर्यादा घातली. ती चार महिन्यांची की सहा, याबाबत रिवायतींत फरक आहे. दोन वर्षांनी एक महिना रजा हा करार या दाखल्याशी ताडून पाहिला, तर उत्पन्नाच्या मोबदल्यात कुटुंबाने काय गहाण ठेवले हे समजते.

बाजाराची काळी बाजू

जोड्याची रक्कम देऊ न शकणाऱ्या गरीब घरांवर याच दरीतून दुसरे संकट आले. आखातातून येणारे वृद्ध श्रीमंत दलालांमार्फत अल्पवयीन मुलींशी निकाह लावून काही दिवसांत त्यांना सोडून जाऊ लागले. १९८२ च्या ‘बाजार’ या सागर सरहदी यांच्या चित्रपटाने हा विषय देशासमोर आणला. १९९१ मध्ये अशाच एका बालिकेला एका हवाई सुंदरीच्या सावधपणामुळे विमानातून सोडवण्यात आले. सप्टेंबर २०१७ मध्ये हैदराबाद पोलिसांनी अशा प्रकरणांत ओमान व कतारच्या नागरिकांसह काही काझींनाही अटक केली. येथे निकाहचा विधी होतो, मेहरही लिहिला जातो, तरी विवाहाचा हेतूच नसतो. मात्र याचा दोष केवळ परदेशी धनिकावर टाकून भागत नाही. हुंडा न मागणारा शेजारचा मुलगा मिळाला असता तर त्या बापाच्या दारात दलाल उभा राहिला नसता.

परतीची वाट आणि शिकलेल्या मुली

१९९० मध्ये कुवेतवर इराकचे आक्रमण झाले आणि सुमारे पावणेदोन लाख भारतीयांना मायदेशी आणावे लागले. आखाताची कमाई शाश्वत नाही याचा तो पहिला धडा होता. २०११ पासून सौदी अरेबियाने स्थानिकांना नोकरीत प्राधान्य देणारे ‘निताकात’ धोरण राबवले. जुलै २०१७ पासून सोबत राहणाऱ्या प्रत्येक कुटुंबीयामागे दरमहा १०० रियाल कर बसवला, जो दरवर्षी वाढत २०२० मध्ये ४०० रियाल झाला. अनेक कर्मचाऱ्यांनी बायकामुले हैदराबादला परत पाठवली. तिकडे जन्मलेली व शिकलेली मुले येथील शाळांत दाखल झाली आणि एकदा जुळलेले घर पुन्हा दुभंगले.

दरम्यान एक शांत बदल घडत होता. मुलगे दहावी-बारावीनंतर व्हिसाच्या मागे लागले आणि मुली शिकत राहिल्या. १९९८ मध्ये हायटेक सिटीचे उद्घाटन झाल्यानंतर शहरातच संगणक क्षेत्रातील नोकऱ्या आल्या. आंध्र प्रदेशात २००७ पासून मुस्लिमांतील मागास गटांना मिळालेल्या चार टक्के आरक्षणानेही व्यावसायिक शिक्षणाची दारे उघडली. शिक्षिका, संगणक अभियंता, डॉक्टर मुस्लिम मुली आता दुर्मीळ नाहीत. पण पदवीधर मुलीला तिच्या बरोबरीचा मुलगा मिळणे कठीण झाले. मश्शातेची जागा आता वर्तमानपत्री जाहिराती, संकेतस्थळे आणि पालकांचे मेळावे यांनी घेतली आहे. ‘सियासत’ या उर्दू दैनिकाचे ‘दू-ब-दू’ मेळावे हे त्यांतील परिचित उदाहरण. तेलंगणा सरकारने २०१४ मध्ये ‘शादी मुबारक’ योजना सुरू केली. आरंभीचे ५१,००० रुपयांचे साहाय्य २०१८ मध्ये १,००,११६ रुपयांवर गेले. वधूचे वय अठरा पूर्ण असल्याची अट असल्यामुळे जन्मदाखल्याचे महत्त्व गरीब वस्तीतही कळू लागले. मात्र सरकारी मदतच जोड्याच्या रकमेत जिरू नये, याची दक्षता समाजालाच घ्यावी लागेल.

समारोप

या पाऊणशे वर्षांच्या इतिहासातून तीन गोष्टी दिसतात. पहिली, उपजीविका बदलली की विवाहाची कसोटी बदलते: आधी खानदान, मग दफ्तर, मग व्हिसा, आता पदवी. दुसरी, प्रत्येक स्थित्यंतराचा खर्च समान वाटला गेला नाही. जागीर गेल्यावर विडी वळणारी, व्हिसासाठी दागिने देणारी, वीस वर्षे एकटीने घर चालवणारी आणि शिकूनही घरी बसून राहिलेली स्त्रीच होती. तिसरी, या खर्चाची भरपाई करणारी साधने परंपरेतच उपलब्ध होती. मेहर, निकाहनाम्यातील अटी, १९३९ चा कायदा ही साधने नव्याने घडवायची नाहीत, वापरात आणायची आहेत.

महाविद्यालयीन शिक्षकांसाठी यातून एक उपक्रम सुचतो. प्रत्येक विद्यार्थ्याने आपल्या आजी, आई आणि थोरल्या बहिणीचा निकाहनामा मिळवून त्यातील मेहरची रक्कम, चलन, मुअज्जल-मुवज्जलची नोंद आणि वराचा व्यवसाय यांचा तक्ता करावा; त्याशेजारी लग्नात दिलेली जोड्याची रक्कम लिहावी. पहिले सर्व रकाने कागदावरून भरता येतील. शेवटचा रकाना मात्र कोणत्याही निकाहनाम्यात सापडणार नाही. तो आईला विचारूनच भरावा लागेल.